टेबलावरच्या युद्धखेळासाठी सैनिक घेताय? आधी माप बघा

ऐतिहासिक युद्धखेळांचे छोटे सैनिक घेताना नवखे खेळाडू हमखास फसतात ते मापात. दुसऱ्या महायुद्धावरचेच दोन खेळ घ्या. ‘बोल्ट ॲक्शन’ साधारणपणे २८ मिमीच्या सैनिकांनी खेळतात, ‘फ्लेम्स ऑफ वॉर’ १५ मिमीच्या. त्यात २८ मिमी म्हणजे नेमकं किती, यावरही एकमत नाही. कुणी तळपायापासून डोळ्यांपर्यंत मोजतं, कुणी थेट डोक्यापर्यंत. त्यामुळे दोन कंपन्यांचे सैनिक शेजारी उभे केले की एखादा चक्क बुटका दिसतो! म्हणून ज्यांच्यासोबत खेळणार त्यांना आधी विचारा, मग एकच पाकीट मागवा. प्लास्टिकचे सैनिक बहुतेकदा सुट्या भागांत येतात, ते चिकटवायचे आणि रंगवायचे तुम्हीच. धातूचे जड आणि नगामागे सहसा महाग. गोंद, रंग, ब्रशचा खर्च वेगळाच.