राधा गेटवर बसते तेव्हा...

परवा वीकांताला नगरला घरी गेलो होतो. (२०२४ पासून अहिल्यानगर, पण आमच्या आजीसाठी नगरच!) टीव्हीवर जुना पौराणिक सिनेमा लागला होता. आजी एकदम म्हणाली, "अरे, हा तर आपला शाहू मोडक! नगरच्या ख्रिस्ती घरातला मुलगा, पण कृष्ण म्हणजे तोच."

मग काय, नेटवर शोधाशोध सुरू. मोडकांचा पहिला सिनेमा भालजी पेंढारकरांचा 'श्यामसुंदर', साल १९३२. चौदा वर्षांचा कृष्ण. आणि त्याची राधा? शांता आपटे, वय सोळाच्या आसपास, त्यांचाही पहिलाच सिनेमा. मुंबईत तो पंचवीस आठवड्यांच्या वर चालला. मी गेलो होतो कृष्ण शोधायला, पण अडकलो राधेत.

पुढे शांताबाई 'प्रभात'मध्ये आल्या. 'अमृतमंथन' (१९३४), 'अमरज्योती' (१९३६) आणि मग १९३७ चा 'कुंकू'. फसवून म्हाताऱ्या वकिलाशी लग्न लावून दिलेली नीरा हे लग्न मानायलाच नकार देते. आपल्यापैकी बहुतेकांना शांताबाई आठवतात त्या एवढ्याच. लोकांनी नीराच्या 'नाही'ला डोक्यावर घेतलं.

पण खरी गोष्ट पुढेच आहे. तेव्हा नटनट्या स्टुडिओच्या पगारी नोकर असत, अगदी तुमच्याआमच्यासारख्या. महिन्याला पगार, वर चक्क काँट्रॅक्ट. १९३९ च्या जुलैमध्ये करारावरून वाद झाला आणि ही स्टार बाई पुण्यात प्रभातच्या गेटवर उपोषणाला बसली! गंमत बघा, त्याच वर्षी प्रभातच्या 'माणूस'चे नायक होते शाहू मोडक. म्हणजे सात वर्षांपूर्वीचा कृष्ण कंपनीचा हीरो आणि राधा गेटवर उपाशी.

पडद्यावरच्या 'नाही'ला टाळ्या मिळतात. तोच 'नाही' पगाराच्या आणि कराराच्या कागदावर म्हटला की माणूस भांडखोर ठरतो. बाई असेल तर जरा जास्तच.

हॉलिवूडमध्येही हेच चाललं होतं. बेटी डेव्हिस १९३६ मध्ये वॉर्नर ब्रदर्सविरुद्ध इंग्लंडच्या कोर्टात हरली. ऑलिव्हिया डी हॅविलंड मात्र १९४४ मध्ये त्याच कंपनीविरुद्ध कॅलिफोर्नियात जिंकली. सस्पेन्शनचे दिवस कराराच्या शेवटी जोडून मुदत लांबवायची, ही कंपनीची युक्ती कोर्टानं मोडून काढली. तिच्यामागे कायदा होता. शांताबाई पाच वर्षं आधी एकट्याच बसल्या होत्या.

त्यांनी प्रभात सोडलं, पण गप्प बसल्या नाहीत. १९४० मध्ये चक्क पुस्तक लिहिलं, 'जाऊ मी सिनेमात?' सिनेमात यायला निघालेल्या मुलींना आतली पिळवणूक सांगणारं. माझ्या मते ते उपोषणापेक्षा मोठं काम. उपोषण स्वतःसाठी होतं, पुस्तक मागून येणाऱ्यांसाठी. करिअरही थांबलं नाही. १९४१ मध्ये मद्रासकडे तमिळ 'सावित्री' (त्यात नारद होत्या एम. एस. सुब्बुलक्ष्मी!), १९४२ मध्ये लाहोरचा 'जमीनदार'. १९६४ मध्ये त्या गेल्या. अभिनेत्री नयना आपटे त्यांची मुलगी.

आता हे सगळं मला एवढं का लागावं? पहिल्या नोकरीत मी दोन वर्षांचा बाँड न वाचताच सही केला होता. दीड वर्षानं सोडताना पैसे मुकाट भरले. तेवढ्यावरही ठीक होतं. पण नंतर त्याच कंपनीत माझ्या कॉलेजची चार पोरं लागली आणि मी त्यांना एका शब्दानं सावध केलं नाही. म्हटलं, कशाला वाईटपणा घ्या.

प्रभातचा स्टुडिओ म्हणजे आजची फिल्म इन्स्टिट्यूट. लॉ कॉलेज रोडवरून मी रोज तिथून ऑफिसला जातो. आज त्या चौघांना मेल टाकलाय, उशिरा का होईना.

असो. तुमचं ऑफर लेटर शेवटच्या पानापर्यंत वाचलंय का हो?