दोन गुलाबी रेघांचं कूळ

मेडिकलमध्ये प्रेग्नन्सी किट मागितलं की दुकानदार आजही ते आधी कागदात गुंडाळतो, मग काउंटरवर ठेवतो. पन्नास-साठ रुपयांची वस्तू. आत प्लॅस्टिकची चपटी पट्टी, एक ड्रॉपर आणि ओल शोषणारी पुडी. सकाळच्या पहिल्या लघवीचे दोन-तीन थेंब खाचेत टाकायचे आणि पाच मिनिटं थांबायचं. नुसती ‘सी’पाशी रेघ आली तर नाही, ‘टी’पाशीही आली तर आहे. आशाताई गावोगाव देतात त्या ‘निश्चय’ किटचं कामही असंच चालतं. ती गुलाबी-लाल रेघ कसल्याशा शाईची असेल, असं आपण धरून चालतो. बहुतेक किटांमध्ये ती सोन्याची असते.

हे सोनं पिवळं का नाही? कारण त्याचे कण साधारण ४० नॅनोमीटरचे असतात. एका मिलिमीटरच्या अंतरात असे २५ हजार कण ओळीने मावतील. इतक्या बारीक कणावर उजेड पडला की त्यातले इलेक्ट्रॉन एकत्र हेलकावे खातात आणि उजेडातला हिरवा भाग गिळतात. उरतो तो लाल. नॅनोतंत्रज्ञानाची गोष्ट सांगणारे बहुतेकदा १९५९ सालच्या रिचर्ड फाइनमन यांच्या भाषणापासून सुरुवात करतात. भाषण मोठं आहे यात शंका नाही, पण आपल्या बाथरूमपर्यंत पोचलेल्या या नॅनोवस्तूचं घराणं तिथलं नाही. ते काचेच्या भट्टीतलं आहे.

लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये चौथ्या शतकातला एक रोमन पेला आहे, लायकर्गस कप नावाचा. समोरून उजेड पडला तर तो हिरवा दिसतो, आत दिवा ठेवला तर लाल. काचेत सोन्या-चांदीचे नॅनोकण आहेत, तेही अगदी नाममात्र. घडवणाऱ्याला यातलं कारण ठाऊक असण्याची शक्यता शून्य. ही करामत पुढे हरवली. सतराव्या शतकात जर्मनीत ती वेगळ्या वाटेने परत आली. अम्लराजात विरघळवलेल्या सोन्यात कथिलाचा क्षार घातला की जांभळट साका बसतो. त्याला अँड्रियास कॅसियस या वैद्याचं नाव मिळालं. योहान कुंकेल या किमयागाराने पॉट्सडॅममध्ये सोनं वापरून माणकासारखी लाल काच केली आणि कृती गुप्त ठेवली. ब्रांडेनबुर्गच्या इलेक्टरने, म्हणजे तिथल्या शासकाने, त्याला प्रयोगांसाठी आख्खं बेट देऊन टाकलं होतं. या काचेची गंमत अशी की भट्टीतून काढून फुंकलेली काच जवळजवळ बिनरंगी असते. ती पुन्हा तापवली की रंग चढतो, कारण त्या उष्णतेने विखुरलेले सोन्याचे अणू जमून कण तयार होतात. कारागिरांना एवढंच माहीत होतं की दुसरी आच चुकली तर माल गेला.

आपल्याकडे इथे कुणीतरी सुवर्णभस्माचं नाव काढणारच. भस्मातले कण अतिसूक्ष्म असतात हे तपासण्यांत दिसलेलं आहे. पण किटवरची रेघ त्या घरातून आलेली नाही. ओढून-ताणून नातं जोडण्यात अर्थ नाही.

‘का’ हा प्रश्न नीट विचारला तो मायकेल फॅरडेने. १८५०च्या दशकात तो सोन्याच्या वर्खातून उजेड पाठवून पाहत होता. (वर्ख उजेडासमोर धरून पाहा, हिरवट दिसतो.) पातळ पापुद्रे करण्याच्या खटाटोपात त्याला लाल पाणी मिळालं. सोन्याच्या क्षारावर फॉस्फरसची क्रिया करून तो ते मुद्दाम बनवू लागला. पाणी गाळलेलं, स्वच्छ. तरी त्यातून उजेडाचा झोत सोडला की झोताची वाट उजळून दिसे. म्हणजे हे नुसतं विरघळलेलं सोनं नव्हतं, त्यात कण तरंगत होते. १८५७ मध्ये रॉयल सोसायटीपुढे त्याने हे मांडलं. त्याच्या काही बाटल्या लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये अजून जपून ठेवलेल्या आहेत.

त्याच्या नोंदींतली एक गोष्ट मला सर्वांत महत्त्वाची वाटते. लाल पाण्यात चिमूटभर मीठ टाकलं की ते निळं पडायचं. आज कारण सांगता येतं: कणांवर सारखाच विद्युतभार असल्याने ते एकमेकांना दूर ठेवतात. मीठ तो भार झाकून टाकतं, कण एकमेकांना चिकटतात, आणि चिकटलेल्या कणांचा रंग बदलतो. पण पाण्यात आधी थोडं जिलेटिन घातलं तर मिठाचा उपद्रव टळायचा. आता लघवी म्हणजे काय, तर खारं पाणीच. उघडंवाघडं सोनं तिच्यात टाकलं तर गोळा होऊन बसेल. किटमधल्या प्रत्येक कणावर प्रथिनांचं आवरण चढवलेलं असतं. ते कणाला मिठापासून सांभाळतं आणि त्या प्रथिनांतलीच प्रतिपिंडं एचसीजी हे गरोदरपणाचं हार्मोन पकडण्याचं कामही करतात. फॅरडेला गर्भचाचणीशी काही देणंघेणं नव्हतं, तरी किटमधली मुख्य अडचण आणि तिचा तोडगा दोन्ही त्याच्या टेबलावर होते.

पुढचा प्रवास भराभर झाला. काचकारखान्यात काम केलेल्या रिचर्ड झिग्मोंडीने अतिसूक्ष्मदर्शकाने हे कण ठिपक्यांसारखे दिसतील अशी सोय केली. १९२५ चं रसायनाचं नोबेल त्याला मिळालं. गुस्ताफ मी याने १९०८ मध्ये रंगाचं गणित सोडवलं. आणि १९५१ मध्ये जॉन टर्केविच आणि सहकाऱ्यांनी एक सोपी कृती पक्की केली. सोन्याच्या क्षाराचं फिकट पिवळं पाणी उकळायचं आणि त्यात सायट्रेट घालायचं. पिवळेपणा जातो, पाणी करडं होतं, काळपट-जांभळं होतं, आणि काही मिनिटांत लाल वाइनसारखं दिसू लागतं. सायट्रेट कमी घातलं तर कण मोठे होतात, हे १९७३ मध्ये फ्रेन्सने दाखवलं. मोजून कण मिळू लागले म्हणजे कारखाना शक्य झाला.

दुसरीकडे गर्भचाचणीची स्वतःची परंपरा होती, आणि ती काही नाजूक नव्हती. १९२०च्या दशकाच्या शेवटी बर्लिनमध्ये आशहाइम आणि झोंडेक बाईची लघवी उंदराच्या मादीला टोचायचे आणि काही दिवसांनी तिला मारून बीजांडं तपासायचे. त्यानंतर आफ्रिकन बेडकी आली. बाई गरोदर असेल तर बेडकी दुसऱ्या दिवसापर्यंत अंडी घाली आणि जिवंतही राही. १९६० पासून प्रतिपिंडं वापरून नळीत चाचणी होऊ लागली. ऑर्गनॉन कंपनीतली चित्रकार मार्गारेट क्रेन हिने १९६७ मध्ये त्या नळ्या पाहिल्या आणि हे घरी का होऊ नये असं विचारलं. तिने डबीही करून दाखवली. बाईने आपली बातमी डॉक्टरच्या आधी वाचावी, हे तेव्हा भल्याभल्यांना रुचलं नाही.

१९७१ मध्ये फॉक आणि टेलर यांनी सोन्याच्या कणांवर प्रतिपिंडं चढवली, पण ती इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकासाठी. तिथे सोनं काळा ठिपका म्हणून उठून दिसतं. हेच सोनं डोळ्यांना लालही दिसतं, याचा फायदा घेतला तो पुन्हा ऑर्गनॉनच्या लोकांनी. लघवीतलं एचसीजी सोन्याच्या कणांनी ओळखायची पद्धत त्यांनी १९८० मध्ये प्रसिद्ध केली. दोन घराणी इथे एकत्र आली. त्याच दशकात चाचणी नळीतून नायट्रोसेल्युलोजच्या पट्टीवर उतरली. लघवी पट्टीवरून पुढे सरकताना वाळवून ठेवलेलं सोनं सोबत घेते. एचसीजी असेल तर ते एका हाताने सोन्याचा कण आणि दुसऱ्या हाताने ‘टी’वरचं प्रतिपिंड धरतं. लाखो कण एका ओळीत अडकले की रेघ दिसते. न अडकलेले ‘सी’वर थांबतात. ‘सी’च आली नाही तर किट फेकून द्यायचं. सगळ्याच कंपन्या सोन्याकडे वळल्या नाहीत हेही खरं. १९८८ मध्ये आलेल्या क्लिअरब्लूच्या पट्टीवरची रेघ रंगवलेल्या लेटेक्स कणांची, म्हणून निळी.

प्रतिपिंड बदललं की तीच पट्टी दुसरं काही ओळखते. गडचिरोलीत आशाताई बोटाच्या थेंबावरून मलेरिया पाहतात ते असंच किट. मे २०२१ मध्ये पुण्याच्या मायलॅबच्या ‘कोव्हिसेल्फ’ला आयसीएमआरची मान्यता मिळाली, तेव्हा नाकातला बोळा घरीच फिरवून दोन रेघांची वाट पाहायला सगळं कुटुंब शिकलं. डेअरीत दुधात प्रतिजैविकाचा अंश आहे का हेही अशा पट्टीवर पाहतात. तिथे मात्र उलटं वाचायचं असतं. औषधाचा रेणू इतका लहान की त्याला दोन्हीकडून धरता येत नाही. तो नुसता सोन्यावरची जागा अडवतो. म्हणून रेघ ठसठशीत उमटली तर दूध घ्यायचं, आणि पुसट झाली तर टँकर परत.