अहवालातून पडद्यावर

झोपडपट्टीतल्या बायकांशी बोलायचं, माहिती जमवायची, अहवाल लिहायचा. आणि तो वाचणार कोण, तर त्या वस्तीत कधी पाऊलही न टाकणारे. जिच्यावर लिहिलं तिला अक्षरओळखच नाही. पुण्यात ‘स्त्रीवाणी’ या संशोधन प्रकल्पात काम करताना सुमित्रा भावे यांना हे खटकत राहिलं. त्या अस्वस्थतेतून १९८५ साली ‘बाई’ हा लघुपट झाला. तेव्हा त्या ४२ वर्षांच्या होत्या. टाटा इन्स्टिट्यूटमध्ये समाजकार्य शिकलेल्या, पुण्याच्या कर्वे संस्थेत शिकवून आलेल्या; सिनेमा मात्र कुठेच शिकल्या नव्हत्या. ‘बाई’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

पहिला कथापट ‘दोघी’ यायला आणखी १० वर्षं गेली. तिथपासून सुनील सुकथनकर सहदिग्दर्शक झाले. पटकथा-संवाद भाव्यांचे, पुढे अनेक गाणी सुकथनकरांची. अनेकदा कलादिग्दर्शन आणि वेशभूषाही भावेच बघत. म्हणजे कागदावरचं घर पडद्यावर उभं राहीपर्यंत हात बदलत नसे. ‘वास्तुपुरुष’मधला पडका वाडा बघताना हे कळतं.

पैशाचं काय? इथेच त्यांची वाट निराळी झाली. ‘नितळ’चा विषय अंगावरचे पांढरे डाग, आणि त्याच्या पाठीशी उभी राहिली त्या रुग्णांसाठी काम करणारी ‘श्वेता’ ही संस्था. ‘कासव’ नैराश्यावर, निर्माते मोहन आगाशे, मुळात मानसोपचारतज्ज्ञ. विषयाची झळ ठाऊक असलेली माणसंच खिशात हात घालत होती.

अशा सिनेमाचं प्रचारपत्रक होण्याचा धोका असतो, आणि तो प्रत्येक वेळी टळला असं नाही. ‘अस्तु’मध्ये मात्र तो पुरता टळला. स्मृतिभ्रंश झालेले संस्कृत पंडित रस्त्यात दिसलेल्या हत्तीमागे निघून जातात आणि माहुताच्या घरी पोचतात. ज्यांना स्वतःचं नावही आठवत नाही, त्यांना माहुताची कन्नड बोलणारी बायको लेकरासारखं सांभाळते. तिथे डॉक्टरी माहितीची गरजच उरत नाही. या चित्रपटाच्या संवादांसाठी भाव्यांना आणि माहुताच्या बायकोच्या भूमिकेसाठी अमृता सुभाष यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले.

२०१७ साली ‘कासव’ला सुवर्णकमळ मिळालं. दि. बा. मोकाशींच्या कथेवरचा ‘दिठी’ २०१९ मध्ये तयार झाला, पण सर्वसामान्य प्रेक्षकांना तो घरबसल्या दिसला २१ मे २०२१ रोजी, सोनी लिव्हवर. त्याच्या महिनाभर आधी, १९ एप्रिलला, भावे गेल्या होत्या.