डेल्फ्टमधील घरामागची हिरवळ : हिवाळ्यापूर्वीची तयारी



नेदरलँड्समध्ये घर घेतले किंवा भाड्याने मिळाले, की बऱ्याचदा मागे छोटीशी बागही मिळते. आपल्याकडे सोसायटीच्या लॉनची काळजी माळी घेतो. इथे ते काम आपलेच. भाडेकरूंचीही यातून सुटका नाही. किरकोळ दुरुस्त्यांविषयीच्या २००३ च्या डच नियमांनुसार गवत नियमित कापणे आणि तण काढणे ही भाडेकरूची जबाबदारी आहे. घर सोडताना बाग चांगल्या स्थितीत असेल तर अनामत रकमेवरून होणारी वादावादी टळते.

अनेकांना वाटते की गवत थंडीने मरते. डेल्फ्टमध्ये गवताचा खरा शत्रू थंडी नसून साचलेले पाणी आणि सावली आहे. हे एकदा लक्षात आले की पुढची सगळी कामे सोपी होतात.

इथले गवत वेगळे

आपली हरळी (दूर्वा) उष्ण हवेतले गवत आहे. ती उन्हात फोफावते आणि थंडीत पिवळी पडून झोपी जाते. इथल्या हिरवळीत मुख्यतः रायग्रास, फेस्क्यू आणि मेडोग्रास ही थंड हवेतली गवते असतात. ती हिवाळ्यातही हिरवी राहतात, फक्त जमिनीचे तापमान साधारण ६ ते ८ अंशांच्या खाली गेले की त्यांची वाढ जवळजवळ थांबते. म्हणून थंडीपासून वाचवण्यासाठी त्यांच्यावर काही झाकण्याची गरज नसते.

पाणी आणि सावली

डेल्फ्टच्या परिसरात चिकणमाती आणि पीट मातीचे प्रमाण मोठे आहे आणि आजूबाजूचे बरेच पोल्डर समुद्रसपाटीच्या खाली आहेत. इथल्या पाण्याची व्यवस्था पाहणाऱ्या डेल्फलँड जलमंडळाचा इतिहास १२८९ पर्यंत मागे जातो. पंप आणि कालवे यांच्या जोरावर ही जमीन कोरडी राहते, तरी भूजल फार खोल नसते. नेदरलँड्सचा वर्षाचा पाऊस पुण्यापेक्षा फार जास्त नाही, पण पुण्यात तो चार महिन्यांत पडून जातो आणि इथे बाराही महिने पडतो. हिवाळ्यात ऊन नसल्याने पाणी वाळतही नाही. मातीतल्या पोकळ्या पाण्याने भरल्या की मुळांना हवा मिळत नाही. शेवाळाला खरी मुळेच नसल्यामुळे त्याचे मात्र चांगले फावते.

सावलीचेही तसेच. २१ डिसेंबरला भर दुपारी पुण्यात सूर्य क्षितिजापासून सुमारे ४८ अंशांवर असतो, तर डेल्फ्टमध्ये जेमतेम साडेचौदा अंशांवर. त्यामुळे १.८ मीटर उंचीच्या कुंपणाची सावली जवळजवळ ७ मीटर लांब पडते. दक्षिणेला कुंपण असेल तर छोटी बाग पूर्ण सावलीत जाते. अशा जागी शेवाळ शंभर टक्के जाईल अशी अपेक्षा ठेवू नये.

महिन्यानुसार कामे

सप्टेंबर : शेवाळ आणि वाळलेल्या गवताचा थर खरवडून काढावा. याला डचमध्ये फेर्टिकुटेरेन म्हणतात. छोट्या बागेला हाताचा दंताळा पुरतो. मोकळ्या पडलेल्या जागी लगेच बी पेरावे. रुजण्यासाठी जमीन साधारण १० अंशांहून उबदार लागते. हा काळ चुकला तर ही दोन्ही कामे एप्रिलपर्यंत पुढे ढकलावीत. उशिरा खरवडलेल्या जागा हिवाळाभर उघड्या राहतात आणि तिथे पुन्हा शेवाळच येते.

ऑक्टोबर : बागकामाच्या काट्याने दर १० ते १५ सेंटीमीटरवर सुमारे १० सेंटीमीटर खोल भोके पाडावीत आणि त्यांत जाडसर वाळू भरावी. त्याआधी मूठभर मातीचा लाडू वळून पाहावा. दाबल्यावर तो फुटला तर काम करावे. नुसताच चपटा झाला तर दोन-तीन कोरडे दिवस थांबावे, कारण ओल्या चिकणमातीत भोकांच्या बाजू लिंपल्यासारख्या होतात आणि पाणी मुरत नाही.

खत द्यायचे असेल तर शरद ऋतूचे खत, म्हणजे हेर्फस्टमेस्ट, मागावे. पिशवीवरच्या तीन आकड्यांपैकी शेवटचा (पोटॅश) पहिल्यापेक्षा (नत्र) मोठा असावा. वसंतातले उरलेले नत्रयुक्त खत आता घालू नये. त्याने कोवळी पाती फुटतात आणि ती रोगाला लवकर बळी पडतात.

नोव्हेंबर : पानगळ आठवड्यातून एकदा तरी गोळा करावी. ओल्या पानांखाली गवत गुदमरते. थोडी पाने झुडपांखाली ढीग करून ठेवावीत, तिथे साळिंदरासारखा दिसणारा छोटा काटेरी प्राणी, हेजहॉग, हिवाळी झोप घेतो. बाकीची पाने बागेच्या कचऱ्याच्या डब्यात टाकावीत. गवत वाढत असेपर्यंत कोरड्या दिवशी कापावे, पण ४ ते ५ सेंटीमीटरपेक्षा आखूड करू नये.

डिसेंबर ते फेब्रुवारी : काही करू नये! पांढरे दव गोठलेले असताना गवतावर चालू नये. गोठलेली पाती पायाखाली मोडतात आणि काही दिवसांनी पावलांचे तपकिरी ठसे उमटतात. मुलांना खेळायला जवळचे मैदान बरे.

नेहमी होणाऱ्या चुका

१. न तपासता चुना घालणे. चुना, म्हणजे काल्क, आम्लयुक्त जमिनीसाठी आहे. चिकणमातीला बहुधा त्याची गरज नसते. गार्डन सेंटरमध्ये सामू तपासण्याचा संच मिळतो. ५.५ ते ६.५ सामू गवताला चालतो.
२. चुना आणि खत एकत्र टाकणे. त्यामुळे नत्र वाया जाते. मध्ये चार आठवडे तरी जाऊ द्यावेत.
३. वाटेवरचा बर्फ वितळवण्यासाठी टाकलेले मीठ झाडून गवतावर लोटणे.

डिसेंबरमध्ये भारतात जाताना

मुलांच्या सुट्टीत आपल्यापैकी अनेक कुटुंबे तीन-चार आठवडे घरी जातात. निघण्यापूर्वी शेवटची पाने गोळा करावीत. प्लास्टिकचे पूल, खेळणी आणि खुर्च्या गवतावरून उचलाव्यात, नाहीतर त्यांच्याखाली पिवळे चट्टे पडतात. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे बागेतल्या नळाचा घरातला कॉक बंद करून बाहेरचा नळ उघडा ठेवावा आणि पाईपमधले पाणी काढून टाकावे. पाणी गोठले की पाईप फुटतो आणि ते कळते बर्फ वितळल्यावर, तेव्हा आपण नेमके पुण्यात किंवा नागपुरात असतो. पावसाच्या पाण्याचे पिंपही रिकामे करावे.

सगळीकडे फरशी घातली तर?

हा विचार दर हिवाळ्यात मनात येतो. पण फरशीवरून पाणी मुरत नाही, ते शेजाऱ्याकडे किंवा गटारात जाते. नेदरलँड्समध्ये आपल्या जागेतल्या पाण्याची पहिली जबाबदारी मालकाची असते. म्हणूनच २०२० मध्ये अॅमस्टरडॅम आणि रॉटरडॅम यांच्यात फरशा उखडण्याची चुरस लागली आणि पुढच्या वर्षापासून तिला देशव्यापी स्पर्धेचे रूप आले. अगदी सावलीच्या कोपऱ्यात गवताचा हट्ट सोडून फर्न किंवा सावलीत वाढणारी झुडपे लावावीत, उरलेली जागा गवताला द्यावी.

थोडक्यात, दसरा ते दिवाळी या काळात दोन शनिवार बागेला दिलेत तर मार्चमध्ये शेवाळाऐवजी गवत दिसेल. सर्वांना हिवाळ्याच्या शुभेच्छा!