आपण, आम्ही आणि अपन

काही वर्षांपूर्वी एका सभेत मी दहा मिनिटे बोललो. खाली उतरल्यावर एक वयस्क गृहस्थ माझा हात हातात घेऊन म्हणाले, "आपली मराठी तुम्ही किती छान बोलता!" त्यांच्या मनात वाईट काही नव्हते. मीही शुक्रिया म्हणून घरी आलो. पण जवळा बाजारात जन्मलेल्या, पहिलीपासून मराठी शाळेत शिकलेल्या माणसाच्या डोक्यात हे वाक्य अडकून बसले. 'आपली' म्हटले की ऐकणारा त्यात धरलेला असतो. मग लगेच 'तुम्ही' कसे आले? त्या 'आपली'त मी होतो की नव्हतो?

उर्दूत हा पेच पडत नाही, कारण तिथे एकच 'हम' आहे. फारसीत 'मा', अरबीत 'नहनु', इंग्रजीत 'वुई'. समोरचा त्यात आहे की नाही हे संदर्भाने ओळखायचे. मराठीत मात्र 'आम्ही औंढ्याला चाललो' म्हटले की तुम्ही घरीच थांबा, आणि 'आपण औंढ्याला जाऊ' म्हटले की चपला घाला. एवढा मोठा फरक, पण शाळेच्या व्याकरणात 'आपण' आम्ही आत्मवाचक सर्वनाम म्हणून पाठ केले. संस्कृतला हा भेद नव्हता, इंग्रजीलाही नव्हता, आणि आपले व्याकरण याच दोन साच्यांत घडले.

हा भेद युरोपीय व्याकरणकारांना प्रथम परक्या मुलखात भेटला. पेरूमधल्या केचुआ भाषेचे व्याकरण दोमिंगो दे सांतो तोमास या पाद्र्याने 1560 साली छापले, त्यात दोन प्रकारच्या 'आम्ही'ची नोंद आहे. पण या भेदाचे खरे माहेर म्हणावे असा मुलूख समुद्रातला. मादागास्करपासून ईस्टर बेटापर्यंत हजाराहून अधिक भाषांचे ऑस्ट्रोनेशियन कुळ पसरले आहे. मलय भाषेत 'किता' म्हणजे आपण आणि 'कामी' म्हणजे आम्ही. फिलिपिन्सच्या तागालोगमध्ये 'तायो' आणि 'कामी'. हजारो मैल दूर आफ्रिकेजवळच्या मालागासीत 'इसिका' आणि 'इझाहाय'. न्यूझीलंडच्या माओरीत तर 'आपण दोघे' आणि 'आपण सगळे' यांनाही वेगळे शब्द. मलय, मालागासी आणि पॅसिफिक बेटांवरच्या शब्दांतले साम्य 1708 मध्ये आद्रियान रेलांत या डच पंडिताने दाखवले. (इस्लामविषयी युरोपात पसरलेल्या गैरसमजांना खोडून काढणारे पुस्तक तीन वर्षे आधी लिहिणारा हाच तो रेलांत.) पुढे ओटो डेम्पवोल्फ या जर्मन अभ्यासकाने या भाषांचे मूळ रूप मांडले, त्यात 'किता' आणि 'कामी' दोन्ही आहेत. म्हणजे हा भेद हजारो वर्षे नावेतून फिरला आहे.

मग मराठीला तो कुठून मिळाला? 'आपण' हा शब्द संस्कृत 'आत्मन्'पासून प्राकृत 'अप्पण'मार्गे आला, शब्द घरचाच. गुजरातीतही 'अमे' आणि 'आपणे' आहेत. पण शेजार पाहा. तेलुगूत 'मनमु' आणि 'मेमु', तमिळमध्ये 'नाम' आणि 'नांगळ'. द्राविडी भाषांच्या या दोन अनेकवचनांची चर्चा रॉबर्ट काल्डवेलने 1856 च्या आपल्या तुलनात्मक व्याकरणात केली आहे. मेळघाटातल्या कोरकूतही हा भेद आहे. शब्द आपला, त्याला हे काम मात्र शेजाऱ्यांच्या संगतीत लागले, असे अनेक भाषाशास्त्रज्ञ मानतात. मलाही ते पटते, कारण तसेच काहीसे माझ्या घरातल्या बोलीत झालेले दिसते.

आमच्या घरी दखनी बोलतात. तिचे पूर्वज चौदाव्या शतकात दिल्लीकडून दौलताबादेला आले. दखनीला मराठीचा 'नको' मिळाला, त्याचा 'नक्को' झाला. मराठीचा 'च' मिळाला, म्हणून आम्ही 'वहींच' आणि 'मैंच' म्हणतो. उत्तरेकडची माणसे याला हसतात. पण 'हम' आणि 'अपन' यांकडे फारसे कोणी पाहत नाही. अम्मी शेजारणीला "हम बाजारकू जारै" म्हणते तेव्हा ती निरोप घेत असते. "अपन बाजारकू जाएंगे" म्हणते तेव्हा पिशवी आण म्हणते. पुस्तकी उर्दूत हे दोन्ही 'हम'च. सांगलीजवळच्या कुपवाडमधली उर्दू, मराठी आणि कन्नड जॉन गम्पर्झ आणि रॉबर्ट विल्सन यांनी अभ्यासली. 1971 साली छापलेल्या त्यांच्या लेखात दिसते की शब्द ज्याचे त्याचे राहिले, पण वाक्यांची घडण जवळजवळ एक झाली. तिथल्या उर्दूतही 'हम' आणि 'अपन' वेगळे आहेत.

पापुआ न्यू गिनीत असेच घडले. मळ्यांवर आणि जहाजांवर काम करणाऱ्यांनी इंग्रजी शब्द घेऊन टोक पिसिन बोली घडवली. साहेबाच्या 'वुई'वर त्यांचे भागेना. मग 'यू' आणि 'मी' जोडून 'युमी' केले, म्हणजे आपण. आणि 'मीपेला' म्हणजे आम्ही.

17 ऑगस्ट 1945 ला इंडोनेशियाने स्वातंत्र्य जाहीर केले, ते 'कामी'ने. सांगणे जगाला होते, म्हणून ते बरोबरच. आपल्या संविधानाची मराठी उद्देशिकाही 'आम्ही'ने सुरू होते, पण तिच्या शेवटी ते संविधान स्वतःलाच अर्पण केलेले आहे. बोलणारे तेच आणि ऐकणारेही तेच. तिथे 'आपण' लिहिले असते तर? तेव्हा तो आदरार्थी 'तुम्ही'ही वाटला असता. मराठीचा 'आपण' तीन घरी राहतो, ही त्याची अडचण.

त्या गृहस्थांच्या वाक्याचा म्हणूनच तिसराही अर्थ लागतो. 'आपली' आत्मवाचक धरली तर 'तुम्ही स्वतःची मराठी छान बोलता'. व्याकरण माझ्या बाजूने आहे. त्यांना तसे म्हणायचे नव्हते, एवढेच.

परवा हळद घेऊन आडतीवर गेलो होतो. ओळखीचा आडत्या पोत्यात हात घालून म्हणाला, "आपल्या हळदीला यंदा भावच नाही बघा." चहा सांगितला, आणि त्याच दमात विचारले, "बरं, तुमची ईद कवा हाय?"