लेखक, निर्माता आणि दुसऱ्याचे पुस्तक

आचार्य प्रल्हाद केशव अत्रे (१८९८–१९६९) वर्गात शिकवले जातात ते ‘झेंडूची फुले’ आणि ‘साष्टांग नमस्कार’ यांचे कर्ते म्हणून. चित्रपट हा त्यांचा जोडधंदा, असे गृहीत धरून आपण पुढे जातो. आमच्या मते त्यांच्यातील लेखकाची कसोटी तेथेच लागली.

आरंभीचा काळ ‘हंस पिक्चर्स’चा. मास्टर विनायक यांच्यासाठी त्यांनी ‘धर्मवीर’ (१९३७), ‘ब्रह्मचारी’ (१९३८), ‘ब्रँडीची बाटली’ (१९३९) हे चित्रपट लिहिले. ब्रह्मचर्याचे व्रत घेऊन फसणारा तरुण किंवा ब्रँडीच्या शोधात भटकणारा भाबडा कारकून ही पात्रे विडंबनकाराचीच आहेत. वि. स. खांडेकरही याच संस्थेसाठी लिहीत होते. खांडेकर लेखकच राहिले. अत्रे मात्र निर्मितीकडे वळले. १९४१ चा ‘पायाची दासी’ त्यांच्या ‘अत्रे पिक्चर्स’चा होता.

स्वतःच मालक झालेला लेखक काय निवडतो, याचे उत्तर १९५३ मध्ये मिळाले. ‘श्यामची आई’चे निर्माते आणि दिग्दर्शक अत्रेच होते. साने गुरुजींनी १९३३ मध्ये नाशिकच्या तुरुंगात लिहिलेले हे पुस्तक ४२ रात्रींत सांगितलेल्या आठवणींचे आहे. त्याला रूढ अर्थाने कथानक नाही, प्रणय नाही, खलनायक तर नाहीच. हळवेपणाची टिंगल करण्यात ज्याची हयात गेली, त्याने हे पुस्तक हाती घ्यावे आणि आपली जीभ आवरावी, यातच त्याचे मोठेपण. ‘सिकंदर’ची नायिका वनमाला येथे कोकणातील गरीब आई झाली, श्याम झाला माधव वझे. राष्ट्रीय पुरस्कार १९५४ मध्ये प्रथमच दिले गेले, तेव्हा राष्ट्रपतींचे सुवर्णपदक या चित्रपटाला मिळाले.

त्या वेळी मराठी भाषकांचे एक राज्य नव्हते. आमचा धाराशिव, म्हणजे तेव्हाचा उस्मानाबाद जिल्हा, हैदराबाद राज्यात होता. राज्य नसलेल्या भाषेचा हा सन्मान होता.

पाठोपाठ ‘महात्मा फुले’ (१९५४) आला. बाबूराव पेंढारकर जोतीराव झाले, सुलोचनाबाई सावित्रीबाई. या चित्रपटाला राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले. ‘ब्रह्मचारी’त ज्या ढोंगाला अत्रे हसले, त्याच ढोंगाशी येथे ते गंभीरपणे भिडले. उपहास आणि श्रद्धा ही त्यांच्या लेखणीची दोन टोके नव्हेत. एकाच संतापाची ती दोन रूपे होत.

नोव्हेंबर १९५६ मध्ये दैनिक ‘मराठा’ सुरू झाले. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात अत्रे पूर्णपणे उतरले आणि १ मे १९६० रोजी राज्य झाले. ‘मराठा’तील त्यांची गर्जना सर्वांच्या स्मरणात आहे. परंतु दुसऱ्याच्या शब्दांपुढे नम्र होणारे अत्रे समजून घ्यायचे, तर ‘श्यामची आई’ पुस्तक आणि चित्रपट शेजारी ठेवूनच शिकवायला हवेत.