एक फाईल, अनेक वाटेकरी

शाळेच्या संगणक कक्षात हा प्रसंग कधी ना कधी येतोच. काल चालणारा प्रोग्रॅम आज उघडत नाही. पडद्यावर एक चौकट येते. 'एमएसव्हीसीपी१४० डॉट डीएलएल' नावाची फाईल सापडत नाही, म्हणून प्रोग्रॅम सुरू करता येत नाही, असं ती सांगते. मुलं विचारतात, ''सर, ही फाईल आपण कधी बनवलीच नव्हती. मग ती हरवली कशी?'' प्रश्न रास्त आहे. त्याच्या उत्तरासाठी पंचाहत्तरहून अधिक वर्षं मागे जायला हवं.

मे १९४९ मध्ये केंब्रिज विद्यापीठात मॉरिस विल्क्स यांच्या गटाने बांधलेला 'एडसॅक' हा संगणक चालू झाला. कागदी पट्टीवर भोकं पाडून त्याला सूचना द्याव्या लागत. विल्क्स यांच्या सुरुवातीच्या एका प्रोग्रॅममध्ये १२६ ओळी होत्या, आणि त्यात वीसेक चुका निघाल्या! एवढ्याशा कामात इतक्या चुका, तर मोठ्या कामाचं काय होणार?

यावर उपाय साधा होता. वर्गमूळ काढणं, साइन-कोसाइन काढणं, उत्तर छापणं ही कामं अनेकांना लागतात. ती एकदाच नीट लिहून, तपासून ठेवावीत आणि सर्वांनी वापरावीत. अशा तयार तुकड्यांच्या पट्ट्या कपाटात लावून ठेवल्या गेल्या. हीच त्या संगणकाची 'लायब्ररी'. प्रोग्रॅममधून अशा तुकड्याकडे जायचं आणि काम होताच मूळ जागी परतायचं, याची युक्ती डेव्हिड व्हीलर यांनी बसवली. विल्क्स, व्हीलर आणि स्टॅनली गिल यांनी १९५१ साली या पद्धतीवर पुस्तक लिहिलं, तेव्हा लायब्ररीत ८७ तुकडे होते.

मात्र यात एक अडचण होती. तुकडा वापरायचा म्हणजे त्याची नक्कल आपल्या पट्टीत जोडायची. जणू प्रत्येक विद्यार्थ्याने लॉगची सगळी कोष्टकं आपल्या वहीत उतरवून घ्यायची! त्यापेक्षा वर्गात एकच लॉग टेबल खुंटीला टांगलं आणि वहीत फक्त 'पान ६ पाहा' एवढं लिहिलं तर?

नेमकी ही कल्पना 'मल्टिक्स' या प्रकल्पात आली. एमआयटी, जनरल इलेक्ट्रिक आणि बेल लॅब्ज यांनी १९६५ च्या सुमारास त्याचा आराखडा मांडला. एकच मोठा संगणक एका वेळी अनेकांनी वापरायचा होता. म्हणून मेमरीत तुकड्याची एकच प्रत ठेवायची, आणि प्रोग्रॅमशी ती आधी न जोडता गरज पडेल त्या क्षणी जोडायची, असं ठरलं.

नोव्हेंबर १९८५ मध्ये 'विंडोज'ची पहिली आवृत्ती आली, तेव्हा ही काटकसर घरगुती संगणकालाही हवी होती. ही आवृत्ती २५६ किलोबाइट मेमरीवर चालवायची होती. आज मोबाईलवर काढलेला एक फोटोसुद्धा बहुधा याच्या कितीतरी पट मोठा असतो. चौकट काढणं, अक्षरं उमटवणं ही कामं प्रत्येक प्रोग्रॅममध्ये वेगळी भरली असती, तर जागाच उरली नसती. म्हणून ती सामायिक फायलींत ठेवली. 'डीएलएल' म्हणजे 'डायनॅमिक लिंक लायब्ररी', गरजेच्या क्षणी जोडली जाणारी लायब्ररी.

आता पुन्हा वर्गात येऊ. समजा, कोणी खुंटीवरचं लॉग टेबल काढून तिथे दुसरी आवृत्ती टांगली. तिच्यात पानांचे क्रमांक वेगळे आहेत. कोणाच्याही वहीला हात लागलेला नाही, तरी सर्वांची उत्तरं चुकतील. विंडोजच्या जगात १९९० च्या दशकात असंच होऊ लागलं. नवा प्रोग्रॅम बसवताना तो आपल्या सोबतच्या डीएलएल सामायिक फोल्डरमध्ये टाकायचा. कधी नव्या फाईलवर जुनी बसायची, कधी जुनीवर नवी. नवीनेही बिघाड व्हायचा, कारण काही प्रोग्रॅम जुन्या फाईलमधली चूकच गृहीत धरून लिहिलेले असत! चूक दुरुस्त झाली की ते अडत. वैतागलेल्या प्रोग्रॅमरांनी या प्रकाराला 'डीएलएल हेल', म्हणजे डीएलएलचा नरक, असं नाव दिलं.

उपायही निघाले. सन मायक्रोसिस्टिम्सच्या 'सनओएस ४.०' मध्ये १९८८ साली लायब्ररीच्या नावातच आवृत्तीचे दोन आकडे असत. जुन्या प्रोग्रॅमांना चालेल अशी भर घातली तर दुसरा आकडा बदलायचा; चालणार नाही असा बदल केला तर पहिला. म्हणजे नावावरूनच कळे की ही फाईल आपल्याला चालेल की नाही. विंडोज २००० मध्ये कोणी महत्त्वाची सिस्टिम फाईल बदलली, तर मूळ प्रत आपोआप परत बसवली जाऊ लागली. २००१ च्या विंडोज एक्सपीत एकाच लायब्ररीच्या अनेक आवृत्त्या शेजारीशेजारी ठेवण्याची सोय आली.

चाणाक्ष वाचकाच्या लक्षात आलं असेल की इथे आपण थोडे एडसॅककडे परतलो. पुन्हा नकला वाढल्या! डिस्क स्वस्त झाल्यामुळे ते परवडलं. मग सामायिक फाईल हवीच कशाला?

याचं उत्तर मार्च २००२ मध्ये मिळालं. माहिती दाबून लहान करणाऱ्या 'झेडलिब' या लायब्ररीत सुरक्षेला धोका पोचवणारी चूक सापडली. जे प्रोग्रॅम तिची सामायिक प्रत वापरत होते, त्यांच्यासाठी एक फाईल बदलली की काम झालं. ज्यांनी तिची नक्कल आपल्या पोटात घेतली होती, असे प्रोग्रॅम मात्र एकेक शोधून दुरुस्त करावे लागले. सामायिक वस्तू बिघडली तर सर्वांचं अडतं. पण सुधारली तर सर्वांचं एकदम सुधारतं. फक्त ती कोणी आणि कशी बदलायची, याचे नियम ठरलेले असावे लागतात.

मुलांच्या प्रश्नाचं उत्तर आता देता येईल. ती फाईल आपली नव्हतीच. ती सामायिक होती. एखादा प्रोग्रॅम काढताना किंवा डिस्कवर जागा करताना ती पुसली गेली असणार. अशा वेळी इंटरनेटवर कुठूनतरी तेवढीच फाईल उतरवून घेऊ नये. ती कोणत्या आवृत्तीची आहे, तिच्यात विषाणू आहे का, हे आपल्याला कळत नाही. ही विशिष्ट फाईल मायक्रोसॉफ्टच्या 'व्हिज्युअल सी प्लस प्लस रिडिस्ट्रिब्युटेबल' या मोफत संचात असते. तो संच मायक्रोसॉफ्टकडूनच घेऊन बसवावा. इतर वेळी अडलेला प्रोग्रॅम मूळ ठिकाणाहून घेऊन पुन्हा बसवावा. विंडोजची स्वतःची फाईल बिघडली असेल, तर विंडोजमधलाच 'सिस्टिम फाईल चेकर' चालवावा.

आणि वर्गात एक करून पाहा. विंडोजच्या 'सिस्टिम३२' फोल्डरमधल्या एखाद्या डीएलएलवर माउसचं उजवं बटण दाबून 'प्रॉपर्टीज'मध्ये तिचा आवृत्ती क्रमांक मुलांना वाचायला सांगा. वाचायलाच हं, पुसायला नको! त्या एका फाईलवर किती प्रोग्रॅम अवलंबून आहेत, हे तिच्याकडे नुसतं पाहून कळत नाही.